अटकपूर्व जामिनाचं ‘पॅकेज’: साखळी योजनांच्या गुन्ह्यांत पैसे नेमके कशाचे मोजायचे

साखळी योजना बुडाली की ठेवीदार पोलीस ठाण्यात धावतात आणि एजंट वकिलाकडे. या दुसऱ्या गर्दीसाठी हल्ली बाजारात तयार माल मिळतो: अटकपूर्व जामिनाचं ‘पॅकेज’. एकरकमी फी, त्यात अर्ज, सेशन्स कोर्टातल्या तारखा, अंतरिम संरक्षण, आणि वेळ आलीच तर हायकोर्ट. जाहिरात व्हॉट्सॲपवरून येते; कधी कधी त्याच ग्रुपवर, जिथे महिन्यापूर्वीपर्यंत योजनेचे परतावे मिरवले जात होते. हे परीक्षण त्या सेवेचं आहे, कुठल्या एका ऑफिसचं नाही. त्याच कामासाठी सरकारने फुकट उघडून ठेवलेल्या सेवाही सोबत घेतल्या आहेत: महाराष्ट्र पोलिसांचं नागरिक पोर्टल, ई-कोर्ट्स (कोर्टांचं संकेतस्थळ) आणि विधी सेवा प्राधिकरण.

आमचं मत आधीच सांगून टाकतो. या पॅकेजात पैसे मोजावेत अशी एकच गोष्ट आहे. योजनेचा किती पैसा तुमच्या हातातून गेला, त्यातला किती तुमच्याकडे उरला आणि बाकीचा कुठे पोचला, हे बँकेच्या कागदांवरून दाखवणारा अर्ज आणि तो न्यायाधीशांपुढे नीट मांडू शकणारा वकील. पॅकेजातल्या उरलेल्या गोष्टी एकतर फुकट मिळतात, नाहीतर कोणीही विकू शकत नाही अशा आहेत.

न विकता येणाऱ्या गोष्टीपासून सुरुवात करू, कारण जाहिरातीत तीच सगळ्यात ठळक असते: ‘जामिनाची हमी’, ‘काम झाल्यावर उरलेली फी’. बार कौन्सिल ऑफ इंडियाच्या नियमांनुसार वकिलाला निकालावर अवलंबून असलेली फी ठरवता येत नाही, आणि नियम ३६ प्रमाणे कामासाठी जाहिरात किंवा गळ घालताही येत नाही. म्हणजे जी जाहिरात पाहून तुम्ही फोन करता, ती स्वतःच नियमभंग असते. ‘कोर्टात सेटिंग आहे’ असं कोणी सुचवलं तर तिथून उठावं. त्या वाक्याचे पैसे दिले, तर पुढे आणखी एका गुन्ह्याची भर पडू शकते. फीची पावती, वकीलपत्रावर नेमकं कोणाचं नाव आणि सही आहे, आणि अर्ज दाखल झाल्यावरचा क्रमांक या तीन गोष्टी पहिल्याच दिवशी मागाव्यात. पॅकेज विकणारा एक आणि कोर्टात उभा राहणारा दुसराच, हा प्रकार सर्रास चालतो. उभ्या राहणाऱ्याने तुमची फाइल वाचली आहे का, हे त्याला दोन प्रश्न विचारले की कळतं: तुमचं कमिशन किती टक्के होतं, आणि ते कुठल्या खात्यात यायचं?

कलमं नीट वाचणारं ऑफिस आणि न वाचणारं ऑफिस यांतला फरक पहिल्या भेटीतच दिसतो. साखळी योजनेच्या एफआयआरमध्ये सहसा चार कायद्यांची मिसळ असते. पहिला १९७८ चा प्राइझ चिट्स आणि मनी सर्क्युलेशन स्कीम्स बंदी कायदा; मनी सर्क्युलेशन म्हणजे नवे सभासद आणण्यावर झटपट पैसा देणारी योजना. त्याच्या कलम ४ खाली तीन वर्षांपर्यंत कैद आहे, आणि खास कारण नसेल तर किमान एक वर्ष. या कायद्याखालचे गुन्हे दखलपात्र आहेत, हे कायद्यातच लिहिलंय. जामीनपात्र की अजामीनपात्र, हे मात्र लिहिलेलं नाही. ‘तीन वर्षांपर्यंत’ शिक्षेचा गुन्हा अजामीनपात्र असतो, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये कॉपीराइट कायद्याच्या एका प्रकरणात म्हटलं. सरकारी वकील तोच धागा इथे पकडतात. नुसती पत्रकं छापणं, योजनेचं साहित्य वाटणं यासाठीचं कलम ५ दोन वर्षांपर्यंतचं आहे, म्हणून तिथे गणित वेगळं होतं. छपाईवाला किंवा पोस्टर लावणारा आरोपी असेल, तर अर्जात हा मुद्दा पहिल्या पानावर हवा.

दुसरा एमपीआयडी, म्हणजे महाराष्ट्र ठेवीदारांच्या (वित्तीय संस्थांमधील) हितसंबंधांचे संरक्षण अधिनियम, १९९९. कलम ३ खाली सहा वर्षांपर्यंत कैद. यात प्रवर्तक, भागीदार, संचालक, व्यवस्थापक तर येतातच, शिवाय कारभाराला जबाबदार असलेला कर्मचारीही येतो. गोव्यात याच धर्तीचा स्वतंत्र कायदा आहे. तिसरा २०१९ चा अनियंत्रित ठेव योजना बंदी कायदा, वकिलांच्या तोंडी ‘बड्स’. त्याच्या कलम ६ ने १९७८ च्या कायद्याने बंदी घातलेली प्रत्येक मनी सर्क्युलेशन योजना आपोआप अनियंत्रित ठेव योजना ठरवली आहे. शिक्षा पायरीपायरीने वाढते: ठेवींसाठी आवाहन केलं तर एक ते पाच वर्षं, ठेवी स्वीकारल्या तर दोन ते सात, फसवून परतफेड बुडवली तर तीन ते दहा. चौथा भाग भारतीय न्याय संहितेचा: फसवणुकीसाठी ३१८(४), सात वर्षांपर्यंत; आणि बँकर, व्यापारी किंवा एजंटाने केलेल्या विश्वासघातासाठी ३१६(५), जे जन्मठेपेपर्यंत जातं. १ जुलै २०२४ पूर्वीच्या व्यवहारांना भारतीय दंड संहितेची ४२० आणि ४०९ लागतात, पण आज दाखल होणारा अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याच्या, कलम ४८२ खालीच होतो. जुन्या प्रक्रिया संहितेच्या साच्यातून ‘४३८ खाली अर्ज’ असं शीर्षक तसंच राहिलेले मसुदे अजूनही दिसतात. त्यावरून अर्ज फेटाळला जात नाही, पण समोर काय दर्जाचं काम आहे ते कळतं.

ही मोजदाद एवढ्यासाठी की सात वर्षांच्या रेषेवर बरंच काही ठरतं. सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यात पोलिसांनी आधी अटकेची गरज तपासायची, गरज नसेल तर हजर राहण्याची नोटीस (आता नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ३५(३)) द्यायची, हा २०१४ च्या अर्नेश कुमार निकालाचा गाभा. एमपीआयडीची सहा वर्षं आणि ३१८(४) ची सात वर्षं या रेषेच्या आत बसतात. ३१६(५) लागलं की रेषा ओलांडली जाते. म्हणून ज्याच्या ताब्यात ठेवीदारांचे पैसे कधी आलेच नाहीत, जो फक्त सभासद आणून कमिशन घेत होता, त्याच्या अर्जात ‘विश्वासाने सोपवलेला पैसा माझ्याकडे नव्हता, म्हणून ३१६(५) प्रथमदर्शनी लागत नाही’ हा परिच्छेद हवाच. पॅकेजवाल्या मसुद्यांत तो क्वचित असतो. तिथे ‘अर्जदार निरपराध असून त्यास खोटे गोवले आहे’ हेच पाच वेगवेगळ्या वाक्यांत सांगितलेलं असतं.

न्याय संहितेतलं संघटित गुन्हेगारीचं कलम १११ एफआयआरमध्ये दिसलं तर घाबरण्याआधी एक गोष्ट तपासा. त्या कलमातल्या आर्थिक गुन्ह्याच्या व्याख्येत ‘अनेकांना फसवण्यासाठी योजना चालवणं’ येतं हे खरं, पण मागच्या दहा वर्षांत एकापेक्षा जास्त आरोपपत्रं दाखल झालेली असावी लागतात. ती कोणती, हे सरकारी पक्षाला ‘से’मध्ये (अर्जावरच्या लेखी उत्तरात) सांगायला लावायचं.

आता फुकट सेवा. नागरिक पोर्टलवर ‘प्रकाशित एफआयआर’ या सदरात जिल्हा, पोलीस ठाणं आणि तारीख टाकून प्रत उतरवता येते. एफआयआर संकेतस्थळावर टाकण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये दिला; संवेदनशील गुन्हे त्यातून वगळलेले असतात. पोर्टल हळू चालतं, कॅप्चा दोन-तीनदा टाकावा लागतो. तरीही ‘एफआयआरची प्रत मिळवून देऊ’ यासाठी कोणी वेगळे पैसे मागत असेल तर देऊ नका. प्रत हाती आली की आरोपींच्या रकान्यात आपलं नाव नाही म्हणून निश्चिंत होऊ नये. साखळी योजनेच्या फिर्यादीत शेवटी ‘व इतर’ असतंच, आणि तपासात नावं वाढत जातात.

खरी कामाची आहे ती ई-कोर्ट्सची एफआयआर क्रमांकावरून शोधायची सोय, आणि तीच बहुतेकांना माहीत नसते. राज्य, जिल्हा, कोर्टाचं संकुल, मग पोलीस ठाणं, गुन्हा क्रमांक आणि वर्ष टाकलं की त्या गुन्ह्यातल्या सहआरोपींचे अर्ज समोर येतात. त्यांचे आदेश पीडीएफमध्ये वाचता येतात. सरकारी पक्षाने कोणता आक्षेप घेतला, न्यायाधीशांना काय खटकलं, कोणत्या भूमिकेच्या आरोपीला संरक्षण मिळालं आणि कोणाला नाही, हे सगळं त्यात असतं. तुमच्यासारखीच भूमिका असलेल्या सहआरोपीला जामीन मिळाला असेल तर समानतेचा मुद्दा तिथेच तयार मिळतो. त्याचा अर्ज फेटाळला गेला असेल तर आपला अर्ज कशामुळे वेगळा ठरतो, ते आधीच लिहिता येतं. अडचणी आहेत. नावांची इंग्रजी स्पेलिंग जागोजागी बदलतात, म्हणून नावाने शोध फसतो. आदेश अपलोड व्हायला कधी वेळ लागतो. अंतरिम संरक्षण मिळालं तरी स्थिती ‘प्रलंबित’ एवढीच दिसते, रोजनामा (त्या तारखेला कोर्टात काय झालं त्याची नोंद) उघडावा लागतो. प्रत्येक प्रकरणाला मिळणारा सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक एकदा टिपून ठेवला की वकिलाला ‘पुढची तारीख कधी’ विचारण्याचे निम्मे फोन वाचतात. फुकटातली ही सेवा पॅकेजमधल्या ‘केस अपडेट’पेक्षा उजवी आहे, यात शंका नाही.

पुढचा प्रश्न, अर्ज कुठे टाकायचा. एमपीआयडी लागला असेल तर त्या कायद्याखालच्या विशेष न्यायालयात. फक्त १९७८ चा कायदा आणि फसवणूक असेल तर नेहमीच्या सेशन्स कोर्टात. इथे घाई नडते. पहिल्या दिवशी एफआयआरमध्ये एमपीआयडी नसतो, अर्ज साध्या सेशन्समध्ये जातो; चार दिवसांनी तपास अधिकारी कलम वाढवतात, मग अर्ज वर्ग करण्यात तारखा जातात आणि अंतरिम संरक्षण नसेल तर तेवढ्यात अटक होते. म्हणून दाखल करताना रिमांड यादी किंवा सहआरोपीच्या रिमांड अर्जातली ताजी कलमं पाहायची. नंतर वाढलेल्या कलमांना जुना आदेश आपोआप लागू होईल असं गृहीत धरायचं नाही. कायद्याने हायकोर्टात थेट जाता येतं, प्रथा मात्र आधी सेशन्स. हायकोर्टाचं म्हणाल तर १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झाल्याने कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांची मुंबईवारी वाचली आहे. जुन्या पॅकेजमध्ये अजून ‘मुंबई प्रवास खर्च’ लावलेला दिसला तर तो काढून घ्यायला सांगा.

एफआयआर नसतानाही अर्ज करता येतो. १९८० च्या सिब्बिया निकालापासून ते पक्कं आहे. पण ‘अटक होईल अशी भीती वाटते’ एवढं पुरत नाही. आलेली नोटीस, तक्रार अर्जाची प्रत, आर्थिक गुन्हे शाखेचं चौकशीचं पत्र, असं काहीतरी हातात हवं. नाहीतर ‘गुन्हा दाखल नाही’ असं सरकारी वकील सांगतात आणि अर्ज निकाली निघतो. फार तर अटकेपूर्वी काही तासांची पूर्वसूचना द्यावी एवढा आदेश मिळतो. तो हलका समजू नये, पण पूर्ण पॅकेजच्या फीइतकाही तो नसतो.

आता मूळ मालाकडे, म्हणजे अर्जाकडे. योजना सुरू झाली त्या महिन्यापासून आजपर्यंतची, आपल्या नावावरच्या सगळ्या बँक खात्यांची स्टेटमेंट लागतात. सगळ्या म्हणजे सगळ्या. बंद पडलेलं पगाराचं खातं आणि बायकोबरोबरचं संयुक्त खातंसुद्धा. तपास अधिकारी पॅनवरून खाती काढतातच, आणि लपवलेलं एक खातं उरलेल्या दहा खात्यांच्या खरेपणावर पाणी फिरवतं. त्यातून एक तक्ता करायचा: आपण स्वतः योजनेत घातलेले पैसे, नातेवाइकांनी घातलेले, आलेलं कमिशन, ठेवीदारांकडून घेऊन कंपनीला पाठवलेले, आणि शिल्लक. प्रत्येक नोंदीपुढे स्टेटमेंटचं पान. जोडीला आयकराचा फॉर्म २६एएस. कंपनीने कमिशनवर कर कापला असेल तर तो १९४एच खाली दिसतो, पगार असेल तर १९२ खाली. ‘मी फक्त नोकर होतो’ असं अर्जात लिहायचं आणि २६एएसमध्ये तीन वर्षं १९४एचच्या नोंदी असायच्या, अशी फाइल सुनावणीत पाच मिनिटंही तग धरत नाही. उलट, खरोखर काउंटरवर बसणाऱ्या पगारी माणसाला याच कागदाइतका मोठा आधार दुसरा नाही.

संचालक असाल आणि राजीनामा दिला असेल तर राजीनाम्याच्या पत्राने भागत नाही. कंपनी निबंधकाकडे डीआयआर-१२ (संचालक बदलल्याचं कळवणारा फॉर्म) कधी भरला गेला ती तारीख बघतात, आणि त्या तारखेनंतर तुमच्या सहीने धनादेश गेले आहेत का तेही. कागदोपत्री संचालक केलेले ड्रायव्हर, ऑफिसबॉय या प्रकरणांत नेहमी सापडतात. त्यांच्यासाठी खात्यावरचे सहीचे अधिकार कोणाकडे होते, हे सांगणारं बँकेचं पत्र मिळवणं हे वकिलाचं खरं काम.

‘ही योजना मनी सर्क्युलेशन नाहीच’ हा बचाव घ्यायचा असेल तर तो मोजून मापून घ्यावा. १९८२ च्या स्वपन कुमार गुहा निकालात, कलकत्त्याच्या संचयिता प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की नुसतं जास्त व्याज देणं म्हणजे मनी सर्क्युलेशन नव्हे. झटपट पैसा आणि तो सभासद भरतीशी जोडलेला असणं, असा मेळ हवा. म्हणजे प्रश्न एकच उरतो: उत्पन्न बाहेरच्या ग्राहकाला माल विकून येत होतं की नवीन माणूस आणून? बाहेरच्या ग्राहकांची जीएसटी बिलं असतील तर जोडा. नसतील तर ‘आम्ही थेट विक्री करत होतो’ हे वाक्य टाळा, कारण डिसेंबर २०२१ च्या थेट विक्री नियमांनीच पिरॅमिड आणि मनी सर्क्युलेशनला बंदी घातली आहे. २०१६ मध्ये क्यूनेट या साखळी विक्री कंपनीच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयापुढे मालाची विक्री हाच बचाव होता. न्यायालयाने विक्रीचा मुखवटा बाजूला सारून साखळीकडे पाहिलं आणि अटकपूर्व जामीन नाकारला. सुट्ट्यांची पॅकेजं, डिस्क, औषधी पावडर, नाणी, काहीही विकत असलात तरी तोच आरसा समोर येतो. टोरेस या दागिन्यांच्या दुकानांच्या साखळीच्या बाबतीत तर, जानेवारी २०२५ मध्ये दादरच्या दुकानासमोर गर्दी झाली तेव्हा, खड्यांच्या खरेदीवर आठवड्याला परतावा असं स्वरूप होतं; तिथे एमपीआयडी आणि बड्स दोन्ही लागले. अशा प्रकरणात व्याख्येवर वाद घालत बसण्यापेक्षा आपली पायरी कोणती होती, हे दाखवणं जास्त उपयोगी.

अर्ज लांब नको. बारा-पंधरा पानं आणि मागे क्रमांक घातलेली जोडपत्रं. हायकोर्टात अस्पष्ट प्रती, टाइप न केलेली हस्तलिखित फिर्याद, क्रमांक नसलेली पानं यांवर ऑफिसचे आक्षेप येतात, आणि आक्षेप निघेपर्यंत अर्ज बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, येत नाही. आधीचे अर्ज, इतर गुन्हे, फेटाळलेले आदेश हे सगळं लिहावंच लागतं. जानेवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जामीन अर्जांतला हा तपशील सक्तीचा केला. लपवलं आणि सरकारी पक्षाने दाखवून दिलं, तर गुणदोषावर बोलायची वेळच येत नाही.

सुनावणीत सरकारी बाजू ठरलेली असते: आर्थिक गुन्हे वेगळ्या वर्गातले, ठेवीदार हजारोंनी, पैसा कुठे गेला ते कोठडीतल्या चौकशीशिवाय कळणार नाही. २०१३ चा जगनमोहन रेड्डी आणि २०१९ चा चिदंबरम निकाल वाचला जातो. त्यावर ‘अर्जदार सहकार्य करेल’ हे उत्तर फुसकं आहे. सहकार्य आधीच केलेलं दाखवा: नोटिशीला दिलेलं उत्तर, जमा केलेला मोबाइल आणि त्याची पोचपावती, पासवर्डसह दिलेली ईमेल खाती, ठेवीदारांची यादी. नोटिशीचं पालन करत राहिलेल्या माणसाला अटक करायची तर कलम ३५(५) प्रमाणे पोलिसांना कारणं नोंदवावी लागतात. ग्रुप डिलीट करणं, फोन बदलणं, फ्लॅट मेव्हण्याच्या नावावर करणं, ही तीन कामं घाबरलेली माणसं पहिल्याच आठवड्यात उरकतात. पहिल्या दोनमुळे पुरावा नष्ट केल्याचा आक्षेप येतो. तिसऱ्याचा तर काडीचाही उपयोग नाही, कारण एमपीआयडीचं कलम ८ अशा हस्तांतरणांपर्यंत पोचतं.

पॅकेजवाले एक युक्ती हमखास सुचवतात: ‘थोडी रक्कम भरायची तयारी दाखवा, जामीन सुटतो.’ ही सूचना आता जुनी झाली. फसवणुकीची रक्कम जमा करण्याच्या अटीवर जामीन देण्याची पद्धत सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये चुकीची ठरवली. जुलै २०२५ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात त्याहून पुढे जाऊन सांगितलं की, रक्कम भरण्याच्या हमीपत्रावर नियमित किंवा अटकपूर्व जामीन देऊच नये, गुणदोषावर निकाल द्यावा. त्या प्रकरणात आरोपीने हमी देऊन जामीन मिळवला आणि नंतर शब्द फिरवला होता. ठेवीदारांना पैसे परत करायची खरंच इच्छा असेल तर एमपीआयडीखाली नेमलेल्या सक्षम प्राधिकाऱ्याकडे रीतसर भरावेत, पावती जोडावी. ती वागणूक म्हणून मोजली जाईल. जामिनाची किंमत म्हणून नाही. ठेवीदारही हस्तक्षेप अर्ज घेऊन उभे राहतात, आणि ‘यांनीच आम्हाला हॉटेलातल्या सेमिनारमध्ये प्लॅन समजावला’ असं सांगणारा व्हिडिओ त्यांच्या फोनमध्ये असतो. आपल्या वकिलाने तो आधी पाहिलेला असावा.

अर्ज फेटाळला जाण्याच्या दिवशीचं एक बारीक काम आहे, आणि बेफिकीर ऑफिसात ते हमखास राहतं. निकाल सांगितल्याबरोबर, त्याच वेळी, अंतरिम संरक्षण काही दिवस पुढे चालू ठेवण्याची तोंडी विनंती करायची, म्हणजे हायकोर्टात जाता येतं. दुसऱ्या दिवशी मागून उपयोग नसतो. आदेशाच्या नकलेचा अर्जही त्याच दुपारी.

पॅकेजच्या बाहेर काय राहतं, हे कोणी सांगत नाही. गोठवलेलं बँक खातं अटकपूर्व जामिनाने सुटत नाही. त्यासाठी वेगळा अर्ज. जप्त मालमत्तेचं काम एमपीआयडीच्या विशेष न्यायालयात, पूर्ण वेगळ्या प्रक्रियेने. लुकआउट सर्क्युलर वेगळं. नाशिकच्या गुन्ह्यातला आदेश नांदेडच्या गुन्ह्याला चालत नाही. प्रत्येक गुन्हा क्रमांकाला आपला अर्ज. दुसऱ्या राज्यात गुन्हा असेल तर इथल्या कोर्टातून मर्यादित काळाचं ट्रान्झिट संरक्षण मागता येतं, नोव्हेंबर २०२३ च्या प्रिया इंदोरिया निकालाने ते स्पष्ट केलंय. आणि ईडी आली तर खेळ बदलतो: फसवणुकीचं कलम पीएमएलएच्या (मनी लाँडरिंग प्रतिबंधक कायद्याच्या) परिशिष्टात आहे, आणि कलम ४५ च्या दोन कडक अटी अटकपूर्व जामिनालाही लागतात.

फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आरोपीलाही वकील देतं. फोन १५१००. महिला, अनुसूचित जाती-जमातींतले लोक यांना उत्पन्नाची अट नाही. इतरांसाठी महाराष्ट्रात वार्षिक तीन लाखांची मर्यादा. दर्जा वकिलागणिक बदलतो, आणि नेमणुकीला लागणारे दिवस हीच या सेवेची खरी उणीव आहे. अटक दारात असताना ते दिवस जड जातात. पण वर सांगितलेला तक्ता आणि जोडपत्रं घरी तयार करून नेली, तर प्राधिकरणाचा वकील महागड्या पॅकेजच्या मसुद्यापेक्षा चांगला अर्ज उभा करू शकतो.

आदेश हातात आला की पॅकेज संपतं, पण काम संपत नाही. आदेशात ‘अटक झाल्यास’ अमुक रकमेच्या जातमुचलक्यावर आणि जामीनदारावर सोडावं असं असतं. म्हणजे तपास अधिकाऱ्यापुढे जाऊन कागदोपत्री अटक आणि सुटका करून घ्यायची, मुचलका लिहून द्यायचा. जामीनदाराचं रेशन कार्ड, आधार, घरपट्टीची पावती किंवा पगाराची स्लिप आणि मागितल्यास तहसीलदाराचा ऐपतीचा दाखला आधीच जमवलेला बरा. तात्पुरती रोख जामीन ठेवायची मुभा आदेशातच मागून घ्यावी. हजेरीचे वार आणि वेळ पाळायची, प्रत्येक हजेरीची स्टेशन डायरीतली नोंद किंवा सही घ्यायची, कारण जामीन रद्द करण्याच्या अर्जात ‘हजर राहत नाही’ हाच पहिला मुद्दा असतो. आरोपपत्र आलं म्हणून अटकपूर्व जामीन आपोआप संपत नाही, २०२० च्या सुशीला अगरवाल निकालाने ते पक्कं केलं. आदेशात मुद्दाम मुदत घातली आहे का, तेवढं मात्र शेवटच्या पानापर्यंत वाचून घ्या.